युद्धोत्तर रंगभूमी आणि कारखान्यांच्या गावचा प्रेक्षक

दुसऱ्या महायुद्धानंतरच्या अमेरिकन रंगभूमीचा विचार करू लागले म्हणजे एक प्रश्न वारंवार समोर येतो. न्यूयॉर्क शहरातील ब्रॉडवे नावाच्या एका रस्त्याच्या आसपास जे घडते, त्यालाच एका खंडप्राय देशाची रंगभूमी म्हणावयाचे काय? मराठी रंगभूमीच्या बाबतीत हाच प्रश्न वेगळ्या शब्दांत विचारता येतो. मुंबईच्या दादर-गिरगावात आणि पुण्याच्या पेठांत जे घडते तेच आपण मराठी नाटक म्हणून शिकवितो. परंतु पुण्याच्या वेशीबाहेर, पिंपरीपासून चाकणपर्यंत पसरलेल्या कारखान्यांच्या पट्ट्यात लक्षावधी लोक राहतात, त्यांचे नाटक कोणते? प्रस्तुत लेखात या दुसऱ्या प्रश्नाचा विचार करावयाचा आहे, आणि पहिल्याचा उपयोग केवळ तुलनेपुरता करावयाचा आहे.

अमेरिकेतील स्थिती प्रथम थोडक्यात पाहू. १९२७-२८च्या हंगामात ब्रॉडवेवर अडीचशेहून अधिक नवे प्रयोग रंगमंचावर आले होते. नंतर बोलपट आला, मंदी आली, आणि युद्ध संपले तेव्हा हा आकडा शंभराच्या खाली उतरलेला होता. नाटककारांचा दुष्काळ पडला होता असे मात्र नव्हे. टेनेसी विल्यम्स आणि आर्थर मिलर यांची कीर्ती याच काळातली. मिलरचे ‘डेथ ऑफ अ सेल्समन’ १९४९ साली रंगमंचावर आले व त्याचे सलग ७४२ प्रयोग झाले. एका फिरत्या विक्रेत्याच्या आयुष्याला शोकांतिकेची प्रतिष्ठा देणारे हे नाटक. पण ते पाहावयाचे तर न्यूयॉर्कला गेले पाहिजे, नाही तर एखादी फिरती मंडळी आपल्या गावी येईपर्यंत वाट पाहिली पाहिजे. सरकारी पैशाने नाटक गावोगाव नेण्याचा एक मोठा प्रयत्न १९३५ साली ‘फेडरल थिएटर प्रॉजेक्ट’च्या रूपाने झाला होता, अमेरिकन काँग्रेसने १९३९ साली त्याचे अनुदान बंद केले. युद्धानंतर तेथील जाणत्या लोकांनी निराळा मार्ग धरला. मार्गो जोन्स यांनी १९४७ साली डॅलस येथे, त्याच वर्षी नीना व्हान्स यांनी ह्यूस्टन येथे, १९५० साली वॉशिंग्टनमध्ये ‘अरीना स्टेज’च्या संस्थापकांनी आणि १९६३ साली टायरन गथ्री यांनी मिनिॲपलिस येथे नाटकगृहे उभारली. या नाटकगृहांचे वैशिष्ट्य इमारतीत नव्हते. नटांचा एक कायम, पगारी संच त्या त्या गावी राहावा आणि नाटक पाहुण्यासारखे न येता त्याच गावात तयार व्हावे, ही त्यामागची कल्पना होती. फोर्ड प्रतिष्ठानाने त्यांना आर्थिक पाठबळ दिले व १९६५ साली केंद्रीय सरकारनेही कलांसाठी स्वतंत्र निधी स्थापन केला.

आणखी एक उदाहरण युद्धापूर्वीचे आहे, पण आपल्या विषयाशी त्याचा निकटचा संबंध आहे. १९३७ साली न्यूयॉर्कमधील शिवणकामगारांच्या संघटनेने ‘पिन्स अँड नीडल्स’ नावाचा एक संगीत प्रयोग बसविला. नट-नट्या सर्व कामगार. दिवसा यंत्रावर बसावयाचे आणि रात्री तालीम करावयाची. म्हणून सुरुवातीस प्रयोग केवळ शुक्रवारी व शनिवारी होत. लोकांना तो इतका आवडला, की १९४० पर्यंत त्याचे अकराशेहून अधिक प्रयोग झाले. पुढे कामगारांना यंत्रावरून रजा घेऊन पूर्ण वेळ नट व्हावे लागले, ही त्यातली गमतीची गोष्ट. युद्धोत्तर काळात मात्र संघटनेने चालविलेली अशी रंगभूमी अमेरिकेत पुन्हा त्या जोमाने उभी राहिली नाही.

मराठी रंगभूमीची कथा बऱ्याच अंशी समांतर आहे. येथेही बोलपटाने नाटकमंडळ्यांचे कंबरडे मोडले. १९३३ साली ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’ आणले, ते नव्या दृष्टीचे होते, परंतु संस्था टिकली नाही. १९४१ साली मो. ग. रांगणेकरांनी ‘नाट्यनिकेतन’ स्थापून आटोपशीर कौटुंबिक नाटकाची वाट पाडली. १९४३ साली, ऐन युद्धात, सांगलीस मराठी रंगभूमीची शताब्दी साजरी झाली आणि मुंबई मराठी साहित्य संघाने नाट्यमहोत्सवांचा परिपाठ सुरू केला. खरे पुनरुज्जीवन झाले ते मात्र १९५४ पासून, शासनाच्या राज्य नाट्य स्पर्धेमुळे. अमेरिकेने विकेंद्रीकरणासाठी पगारी नट निवडला. आपण हौशी नट निवडला. आपल्या समाजात बँकेत, शाळेत, कचेरीत नोकरी करून संध्याकाळी तालमीला जाणारा मनुष्य विपुल होता, आणि शासनाजवळ बक्षिसापुरते पैसे होते. तेव्हा ही निवड स्वाभाविकच म्हटली पाहिजे. या निवडीने आपणांस बरेच काही दिले. विजय तेंडुलकर, विजया मेहता आणि १९६० साली स्थापन झालेले ‘रंगायन’, पुण्यातील प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन, १९६३ पासूनचा ‘पुरुषोत्तम करंडक’ ही नावे सर्वांच्या परिचयाची आहेत. अमेरिकन नाटकही याच मंडळींच्या हातून मराठीत आले. ‘अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर’चे ‘वासनाचक्र’ तेंडुलकरांनी केले, आणि जॉन पॅट्रिकच्या ‘द हेस्टी हार्ट’चे ‘लोभ नसावा ही विनंती’ही त्यांचेच. परंतु या निवडीची एक अट होती, व तिच्याकडे फारसे कोणी पाहिले नाही. हौशी रंगभूमी तेथेच वाढते, जेथे माणसाची संध्याकाळ त्याच्या स्वतःच्या मालकीची असते. हा मुद्दा पुढे पुन्हा येणार आहे.

आता आपल्या पट्ट्याकडे वळू. १९५४ साली पिंपरी येथे हिंदुस्थान अँटिबायोटिक्स हा सरकारी कारखाना स्थापन झाला. राज्य नाट्य स्पर्धेचा आणि या कारखान्याचा जन्म एकाच वर्षीचा, हा योगायोग मला लक्षणीय वाटतो. १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ आले, पाठोपाठ मोटारी व स्कूटर यांचे मोठे कारखाने आले. १९७० साली पिंपरी-चिंचवडची नगरपालिका झाली, १९८२ साली महानगरपालिका. आणि २०११च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या १७ लाख २७ हजारांच्या घरात गेली. पुढे कारखान्यांची रांग पुणे-नाशिक रस्त्याने चाकणपर्यंत सरकली. ही माणसे आली कोठून? आसपासच्या खेड, मावळ, जुन्नर, आंबेगावातून; त्याहून पुष्कळ मराठवाडा, खानदेश, विदर्भ, कोकणातून; आणि अलीकडे उत्तर प्रदेश, बिहार, ओडिशातून.

या वस्तीच्या दोन अंगांना दोन रंगभूमी आहेत. दक्षिणेस पुणे, तेथे १९६८ साली बालगंधर्व रंगमंदिर उभे राहिले आणि १९७२ साली ‘घाशीराम कोतवाल’चा पहिला प्रयोग भरत नाट्य मंदिरात झाला. उत्तरेस, चाकणवरूनच पुढे जाणाऱ्या रस्त्यावर, नारायणगाव; आणि नारायणगाव म्हणजे तमाशाची पंढरी. गुढीपाडव्याच्या सुमारास तेथे फडांच्या राहुट्या पडतात. गावोगावचे पंच येतात, राहुटीत बसून भाव करतात आणि आपल्या यात्रेसाठी फडाची सुपारी ठरवून जातात. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर यांचे नाव ज्याला माहीत नाही असा मनुष्य या रस्त्याच्या दुतर्फा सापडणे कठीण. विद्यापीठाच्या अभ्यासक्रमात मात्र ‘घाशीराम’ नाटक म्हणून येते आणि तमाशा लोककला म्हणून. ही विभागणी मला शास्त्रशुद्ध वाटत नाही. ज्याला व्यवसाय म्हणतात, म्हणजे पगारी संच, हंगाम, ठरीव बिदागी, स्वतःची वाहने व स्वतःचा तंबू, तो सर्व तमाशाच्या फडात आहे. किंबहुना अमेरिकन विचारवंत ज्याला कायम संचाची रंगभूमी म्हणत होते, तिच्याशी मिळतीजुळती संस्था महाराष्ट्रात शोधावयाची झाली तर ती नारायणगावच्या राहुटीतच सापडेल. फरक इतकाच, की तेथे संच कायम असतो आणि गाव बदलत असते.

चाकण परिसरातील गावांच्या यात्रा अजून भरतात. परंतु यात्रेचा प्रेक्षक बदलला आहे. ज्या शेतकऱ्याची जमीन कारखान्यात गेली तो खोल्या भाड्याने देतो. त्या खोल्यांत राहणारा तरुण यात्रेच्या रात्री पाळीवर असतो. तमाशाचे वगनाट्य पूर्वी पहाटेपर्यंत चाले. रात्री उशिरा ध्वनिवर्धक बंद करण्याचा नियम आला, तेव्हापासून वगासाठी वेळ उरत नाही आणि गाण्यांचाच कार्यक्रम होतो. करोनाच्या साथीमुळे २०२० व २०२१ सालच्या यात्रा बुडाल्या, त्याचा आघात फडांना अत्यंत जड गेला.

शहराच्या बाजूला स्थिती वेगळी आहे. महानगरपालिकेने नाटकगृहे बांधण्यात कसूर केलेली नाही. चिंचवडचे रामकृष्ण मोरे प्रेक्षागृह, पिंपरीच्या संत तुकारामनगरातील आचार्य अत्रे रंगमंदिर, भोसरीचे अंकुशराव लांडगे नाट्यगृह, पिंपळे गुरवचे निळू फुले रंगमंदिर आणि निगडी प्राधिकरणातील ग. दि. माडगूळकर यांच्या नावाचे नाट्यगृह, अशी पाच तर सहज मोजता येतात. यांतील निळू फुले हे नाव मला विशेष समर्पक वाटते. पुण्यात माळीकाम केलेला, सेवादलाच्या कलापथकातून आलेला हा नट लोकनाट्यातही शोभला आणि १९७२ साली ‘सखाराम बाइंडर’मध्येही. छापखान्यात बांधणीचे काम करणारा सखाराम हा मराठी रंगभूमीवरील कष्टकरी पुरुषांपैकी सर्वांत अवघड पुरुष आहे. परिनिरीक्षण मंडळाने त्याला अडविले आणि कमलाकर सारंग यांना उच्च न्यायालयात जाऊन त्याची सुटका करावी लागली, हा इतिहास सर्वश्रुत आहे.

परंतु ही पाचही गृहे पाहुण्यांची आहेत. मुंबईचे व्यावसायिक नाटक येते, प्रयोग करते, रात्रीच ट्रकमध्ये नेपथ्य भरून निघून जाते. नामवंत नटांच्या तारखा शनिवार-रविवारच्याच मिळतात. आणि या पट्ट्यातील अनेक कारखान्यांची साप्ताहिक सुट्टी असते गुरुवारी! रविवारी दुपारच्या प्रयोगाला जो प्रेक्षक येतो तो कचेरीतला, बँकेतला, अलीकडे हिंजवडीच्या संगणक-कंपन्यांतला असतो. कारखान्यातल्या मनुष्याला रविवार हा कामाचा दिवस. हा भेद कोणी हेतुपुरस्सर केलेला नाही, पण त्याचा परिणाम हेतुपुरस्सर केल्यासारखाच होतो. चाकणच्या प्रेक्षकाची अडचण आणखी मोठी. त्यातल्या त्यात जवळचे भोसरीचे नाट्यगृह गाठावयाचे म्हणजे नाशिक रस्त्यावरील वाहनांच्या गर्दीतून दीड-दोन तास काढावयाची तयारी हवी.

यावर कोणी म्हणेल, की कामगारांची स्वतःची रंगभूमी आहेच. ती होती, आणि काही प्रमाणात आहे, हे मान्य केले पाहिजे. मुंबईच्या गिरणगावाने १९४० नंतरच्या दशकात अण्णा भाऊ साठे आणि अमर शेख यांची कलापथके पाहिली. १९५३च्या कायद्यान्वये कामगार कल्याण मंडळ स्थापन झाले. कामगार, मालक आणि शासन यांच्या वर्गणीतून त्याचा निधी जमतो आणि त्याच्या नाट्यस्पर्धेत कामगार भाग घेतात. पिंपरी-चिंचवडमध्येही १९७०-८०च्या सुमारास कारखान्या-कारखान्यांतून नाटक बसविणारी मंडळे होती. कायम नोकरी, ठरलेली पाळी, कल्याण अधिकाऱ्याचा थोडा आश्रय, वसाहतीतील गणेशोत्सवाचा मंडप, आणि पाळी बदलून देणारा एखादा रसिक पर्यवेक्षक, एवढ्या सामग्रीवर ती चालली. ही सामग्री आज विरळ झाली आहे. कंत्राटी कामगाराला या महिन्यात ज्या कारखान्यात काम आहे त्याच कारखान्यात पुढील महिन्यात असेल याची शाश्वती नसते. त्याची पाळी आठवड्याला फिरते, आणि ओव्हरटाइम नाकारला तर पुढचे काम जाते. अशा आठ माणसांना दीड महिना रोज एकत्र आणून तीन अंकी नाटक बसविणे हे व्यवहारतः जवळजवळ अशक्य आहे. हौशी रंगभूमीच्या त्या विसरलेल्या अटीविषयी वर लिहिले, ती ही. कामगारांची अभिरुची खालावली असे म्हणणाऱ्यांनी प्रथम त्यांचे पाळीपत्रक पाहावे.

मी नाट्यसमीक्षक नव्हे, भाषेचा अभ्यासक आहे. तेव्हा या रंगभूमीवरील भाषेसंबंधी थोडे सविस्तर लिहिणे हे माझे कर्तव्यच ठरते. आणि मला वाटते, खरी अडचण येथेच आहे.

काही वर्षांपूर्वी एका स्पर्धेत कामगारांनी बसविलेली एक एकांकिका मी पाहिली. कथा कारखान्यातली होती, लिहिणारा आणि काम करणारे सर्व कारखान्यातले. मुख्य पात्र मराठवाड्यातून आलेल्या तरुणाचे. प्रयोगानंतर त्या भूमिकेतील नटाशी बोलण्याचा योग आला. तो स्वतः नांदेडकडचा; माझ्याशी बोलताना सहज म्हणाला, “सर, दोन वर्षं झाली, मी हितंच काम करायलोय.” रंगमंचावर मात्र हाच नट “काम करतुया” असे म्हणत होता. ‘करायलोय’ हे रूप मराठवाड्याचे. ‘करतुया’ हे सातारा-कोल्हापूरकडचे. मी त्याला याचे कारण विचारले, तेव्हा तो जरा गोंधळला आणि म्हणाला, “नाटकात गावाकडचा माणूस असंच बोलतो ना सर.”

हे उत्तर मला फार मोलाचे वाटते. अपूर्ण क्रियेची रूपे हा मराठी बोलींचा एक ठळक भेदक विशेष आहे. पुण्याचा मनुष्य ‘करतोय’ म्हणतो, मराठवाड्याचा ‘करायलोय’, नागपूरकडचा ‘करून राहिलो’. आणि खानदेशची अहिराणी तर अगदी निराळी वाट चालते. पिंपरीच्या एकाच यंत्रशाळेत ही सर्व रूपे एका दिवसात कानावर पडतात. पण रंगमंचावर यांपैकी एकही ऐकू येत नाही. तेथे दोनच भाषा आहेत: एक पुणेरी प्रमाण मराठी, आणि दुसरी, लोकनाट्याने व चित्रपटाने घडविलेली ‘ग्रामीण’ नावाची भाषा. ही दुसरी भाषा पश्चिम महाराष्ट्राच्या बोलीवर बेतलेली आहे. पण आता ती कोणत्याही एका गावची राहिलेली नाही. ती खेडवळपणाची खूण झाली आहे. ‘विच्छा माझी पुरी करा’सारख्या लोकनाट्यात ती जिवंत होती, कारण तेथे ती त्या नटांची स्वतःची होती. नांदेडच्या तरुणाच्या तोंडी ती घातली म्हणजे तो स्वतःचीच नक्कल करू लागतो, आणि तीही चुकीची.

हा विचार करताना ‘ती फुलराणी’ची आठवण होणे अपरिहार्य आहे. १९७५ साली पु. ल. देशपांडे यांनी शॉच्या ‘पिग्मॅलियन’ला मराठी रूप दिले, ते करताना त्यांच्यापुढे हीच समस्या होती. लंडनमधील बोलीभेद हा मुख्यतः वर्गभेद असतो. मराठीत वर्ग, जात आणि प्रदेश हे तिन्ही एकाच उच्चारात मिसळलेले असतात. त्यांनी फुलवालीला जी भाषा दिली तीत प्रेक्षकाला ओळख पटावी एवढी सत्यता आहे. तरीही त्या नाटकातील भाषाशास्त्रज्ञाचा पण हाच, की बोली पुसून प्रमाण भाषा शिकवीन. नाटक त्या पणाची थट्टा करते, आणि प्रेक्षक त्या पणाच्या बाजूने टाळ्या वाजवितो. आमच्या व्यवसायाला हे नाटक अजून पुरते समजलेले नाही, असे मला कधी कधी वाटते.

कारखान्यातील भाषेचा आणखी एक थर आहे. ‘फर्स्टला आहे’, ‘ब्रेक बसला’, ‘लाइन थांबली’, ‘गेट बंद केलं’ ही वाक्ये रचनेने मराठी आहेत आणि प्रत्येकामागे एकेक प्रसंग उभा आहे. ‘ब्रेक बसला’ म्हणजे काही महिन्यांनंतर नोकरीत मुद्दाम पाडलेला खंड, ज्यामुळे मनुष्य कायम होत नाही. जो शब्द ऐकून एखाद्या खोलीतील चौघे एकदम गप्प होतात, तो शब्द नाटककाराला दुसरा कोणी आणून देणार नाही. त्यात परप्रांतीय सहकाऱ्याशी बोलताना वापरली जाणारी हिंदी मिसळते. मामा वरेरकरांनी गिरणीकामगार रंगमंचावर आणला त्याला आता नव्वद वर्षे होऊन गेली. जयंत पवारांच्या ‘अधांतर’ने १९९७ साली, १९८२च्या संपानंतर उद्ध्वस्त झालेल्या गिरणगावातील एक घर आपल्यापुढे उभे केले. ‘अधांतर’चे सामर्थ्य त्यातील बोलण्याच्या लयीत आहे, ती लय एका चाळीची आहे व दुसऱ्या कोठली असू शकत नाही. मोटारी जोडणाऱ्या पट्ट्याला आपले असे नाटक अजून मिळावयाचे आहे.

अमेरिकन उदाहरण आपल्याला येथे मर्यादित उपयोगाचे ठरते. तेथील प्रादेशिक नाटकगृहांनी गावोगाव पगारी संच उभे केले खरे, पण त्यांपैकी पुष्कळांनी हळूहळू शेक्सपिअर, चेकॉव्ह आणि न्यूयॉर्कमध्ये गाजलेली नाटकेच करावयास घेतली, आणि त्यांचा वर्गणीदार प्रेक्षक सुस्थित मध्यमवर्गाचाच राहिला. नट गावात राहिला म्हणून गावची भाषा नाटकात येतेच असे नाही. परंतु एक गोष्ट त्यांनी केली, ती घेण्यासारखी आहे: नाटकगृह बांधण्यापूर्वी त्यात वर्षभर कोण काम करणार याचा विचार त्यांनी केला. आपल्या पाच नाटकगृहांपैकी एखाद्यात गुरुवारची दुपार आणि संध्याकाळ स्थानिक संचांच्या तालमींसाठी, प्रयोगांसाठी राखून ठेवणे अवघड नाही. त्यासाठी नवी इमारत नको. तालमीची जागा, विजेचे बिल आणि एका दिग्दर्शकाचे मानधन एवढाच खर्च आहे. पाळीचा प्रश्न यामुळे सुटणार नाही, हे मला मान्य आहे. पण गुरुवारी मोकळा असणारा मनुष्य गुरुवारी कोठे जाईल, याला एक उत्तर तरी मिळेल.

जानेवारी २०२४ मध्ये शंभरावे अखिल भारतीय मराठी नाट्यसंमेलन पिंपरी-चिंचवडमध्ये भरले. अध्यक्ष होते डॉ. जब्बार पटेल, म्हणजे ‘घाशीराम’चेच दिग्दर्शक. औद्योगिक नगरीने एवढा मोठा सोहळा यजमान म्हणून पार पाडला, हे भूषणावह होय. संमेलनाचे मुख्य दिवस शनिवार आणि रविवार हे होते. त्या दोन्ही दिवशी भोसरीच्या कारखान्यांत तिन्ही पाळ्या नेहमीप्रमाणे चालू होत्या.